बायचा आवाज कुठे गेला : गोव्यातल्या एका वृत्तनिवेदिकेचं प्रकरण

१० मार्च २०२२, गोवा विधानसभेच्या मतमोजणीचा दिवस. संध्याकाळी सातचं बुलेटिन. ट्यून संपली, कॅमेऱ्यावरचा लाल दिवा लागला, टेलिप्रॉम्प्टरवर पहिली ओळ सरकून वर आली आणि बायने तोंड उघडलं. 'नमस्कार'मधला 'न' तेवढा ऐकू आला. पुढे नुसती हवा. तिने आवंढा गिळला, पुन्हा ओठ हलवले, पुन्हा हवाच. मी पीसीआरमध्ये, म्हणजे स्टुडिओच्या नियंत्रण कक्षात, निर्माता म्हणून बसलो होतो, बुलेटिन माझं होतं. समोरच्या ऑडिओ मीटरवरची हिरवी पट्टी जराशी थरथरली आणि तळाला जाऊन बसली. मी टॉकबॅकवर, म्हणजे तिच्या कानातल्या इअरपीसमध्ये बोलायच्या माइकवर, दोनदा म्हटलं, "बोल बाय, बोल." तिसऱ्यांदा म्हणायच्या आत पडद्यावरचं चित्र बदलणाऱ्या स्विचरवरच्या मुलाने मला न विचारता पहिलं पॅकेज, म्हणजे आधीच तयार करून ठेवलेली बातमी, सोडलं. नंतर रेकॉर्डिंग लावून पाहिलं, तेव्हा ती शांतता नऊ सेकंदांची भरली.

हे प्रकरण सविस्तर लिहून काढायचं कारण असं, की त्या नऊ सेकंदांचा अर्थ आम्ही सगळ्यांनी चुकीचा लावला. कुणी म्हणालं थंड पाणी प्यायली असेल, कुणी म्हणालं निवडणुकीचं टेन्शन. तिच्या आईने मीठ-मिरच्या ओवाळून दृष्ट काढली. जो तो तिच्या घशाकडे पाहत होता. घसा ज्यामुळे गेला ती गोष्ट माझ्या टेबलावर, माझ्या बोटांखाली होती, आणि मला ते कळायला तीन महिने लागले.

न्यूजरूममध्ये तिला सगळे बाय म्हणतात. कोकणीत मुलीला, बहिणीला मायेने हाक मारायचा हा शब्द, इथेही तेवढंच नाव पुरे. वाहिनीचं नाव देत नाही. गोव्यातल्या कुठल्याही लहान वाहिनीत असं घडू शकलं असतं. मजकूर तिला वाचून दाखवला आहे. तिने दोन जागी दुरुस्ती सुचवली, ती जशीच्या तशी घेतली आहे.

डिचोलीची मुलगी

बाय डिचोली तालुक्यातल्या एका खेड्यातली. घरात कोकणी, शाळा मराठी, देवळातलं भजन मराठी आणि जत्रेतलं नाटकही मराठी. गोव्याबाहेरच्या माणसाला हे कोडं वाटतं. १९८७च्या राजभाषा कायद्याने कोकणी राजभाषा झाली, त्याच कायद्यात सरकारी कामासाठी मराठीच्या वापराचीही तरतूद राहिली, आणि त्यावरून इथे किती रान पेटलं ते आमच्या पिढीने पाहिलं आहे. बायच्या घरी मात्र दोन्ही भाषा एकाच चुलीवर शिजत होत्या. आईशी भांडण कोकणीत, देवाला गाऱ्हाणं कोकणीत, आरती मराठीत, परीक्षेचा पेपर मराठीत.

आवाजाची तिची पहिली शाळा म्हणजे जत्रेतलं नाटक. चौथीत असताना तिने पहिल्यांदा काम केलं. गावचा मंडप, मधोमध टांगलेला एक माइक, त्याच्या टप्प्यात आलात तर ठीक, नाही तर शेवटच्या रांगेतल्या आजीला ऐकू जाईल असं तुमचं तुम्हीच बोला. तालीम घेणारे मास्तर पोटावर हात ठेवून सांगायचे, "श्वास हांगासून घे, मान ताणू नको." हे पुढे फार महत्त्वाचं ठरलं. वयाच्या नवव्या-दहाव्या वर्षी तिला जे ठाऊक होतं, ते स्टुडिओत येऊन ती विसरली. खरं तर आम्ही विसरायला लावलं.

२०१४ साली ती आमच्याकडे ट्रेनी म्हणून आली. कामाची सुरुवात भाषांतरापासून. सरकारी प्रेसनोट इंग्रजीत यायची आणि त्यात गावांची नावं पोर्तुगीज वळणाच्या रोमन स्पेलिंगमध्ये. त्या स्पेलिंगवर विसंबून बाहेरून आलेला निवेदक बिचोलिम, सँक्वेलिम, क्वेपेम, कॅनाकोना असं धडाधड वाचत सुटतो. ती गावं आहेत डिचोली, साखळी, केपे आणि काणकोण. कुन्कोलिम म्हणजे कुंकळ्ळी, लौटोलिम म्हणजे लोटली, कुर्चोरेम म्हणजे कुडचडे, सियोलिम म्हणजे शिवोली. यातलं एक जरी चुकलं तरी त्या गावातून फोन येतो, आणि येणाऱ्याचा आवाज दुखावलेला असतो. आपल्या गावाचं नाव आपल्याच टीव्हीवर परक्यासारखं ऐकायला लागावं, याचं दुःख लहान नाही.

बायने यासाठी एक शंभरपानी वही घातली. डावीकडे रोमन स्पेलिंग, उजवीकडे देवनागरी, आणि जिथे उच्चाराची खोच असेल तिथे लाल पेनाने खूण. वाड्यांची, देवळांची, चर्चवाल्या गावांची, खाणींची, नद्यांची नावं. शंका आली की ती त्या गावातल्या कुणाला तरी फोन लावायची. पंचायतीत, नाही तर एखाद्या दुकानात. वहीला दुधाच्या पिशवीचं कव्हर होतं. ती अजून आमच्या डेस्कवर आहे आणि तिसऱ्या वहीवर काम चालू आहे.

२०१६च्या चतुर्थीत नेहमीचा निवेदक गावी अडकला आणि बायला खुर्चीत बसवलं. पहिल्या बुलेटिनला तिचे हात टेबलाखाली थरथरत होते, पण पडद्यावर काही दिसलं नाही. आठवड्याभरात लोक विचारायला लागले, "तें नवें चेडूं कोणाचें?" म्हणजे ही नवी मुलगी कुणाची? त्यानंतर ती खुर्ची तिची झाली.

लहान वाहिनीतला अँकर काय काय करतो

समोर लिहिलेलं वाचून दाखवायचं, एवढंच हे काम आहे असं बऱ्याच जणांना वाटतं. दूरदर्शनच्या जुन्या वृत्तनिवेदकांना पाहत वाढलेल्यांना तर तसं वाटणं साहजिकच आहे. प्रदीप भिडे यांचा तो भारदस्त, न चढणारा सूर अजून कानात आहे. पण दूरदर्शनवर ठरलेल्या वेळेला ठरलेल्या मिनिटांचं बातमीपत्र असायचं. २००७ साली 'झी २४ तास' आणि 'स्टार माझा' आल्यानंतर मराठी बातमी दिवसभराची झाली, सूर चढला, आणि तो चढलेला सूर पाहून लहान शहरांतल्या, लहान राज्यांतल्या वाहिन्यांनी आपला सूर लावला.

आमच्याकडे बाय सकाळी आठचं, दुपारी एकचं आणि संध्याकाळी सातचं बुलेटिन वाचायची. मधल्या वेळेत बातम्या लिहायच्या, पाच-सहा पॅकेजना आवाज द्यायचा, पाहुणा आला तर मुलाखत, आमदाराचा बाइट, म्हणजे कॅमेऱ्यासमोरची प्रतिक्रिया, मिळत नसेल तर फोन. केस आणि मेकअप स्वतःचा स्वतः. आठवड्याला एक सुट्टी, तीही जत्रा, अधिवेशन आणि निवडणूक नसेल तर.

मोठे दिवस येतात तेव्हा हे सगळं दुप्पट होतं. १७ मार्च २०१९, रविवार. मुख्यमंत्री मनोहर पर्रीकर यांची प्रकृती अत्यंत चिंताजनक असल्याचं त्यांच्या कार्यालयाने कळवलं तेव्हा संध्याकाळ झाली होती. त्याआधीपासून मोबाइलवर काय काय फिरत होतं ते इथे लिहिण्यासारखं नाही. अधिकृत दुजोरा येईपर्यंत बाय 'प्रकृती अत्यंत चिंताजनक' या शब्दांच्या पुढे एक अक्षर गेली नाही. माझ्याकडून कानात "इतरांनी चालवलं" असं सांगितलं गेलं, तरी नाही. त्या संयमाबद्दल मला तिचा आजही अभिमान आहे. ती रात्र, दुसरा दिवस, मिरामारवरचा अंत्यसंस्कार, आणि १९ तारखेच्या पहाटे दोनच्या सुमारास प्रमोद सावंत यांचा शपथविधी, एवढ्या वेळात ती मध्ये मध्ये दोन-तीन तास काय ती झोपली असेल. नंतर दोन दिवस आवाज बसला, मग आला. आम्ही म्हटलं, आला ना. झालं तर.

मग २०२०चं लॉकडाउन. अर्धा स्टाफ घरी आणि दोनच निवेदक आळीपाळीने. तेव्हापासून तिला खाकरायची सवय लागली. दर बातमीआधी एक बारीकसं 'अह्हं'. आम्हाला त्याची इतकी सवय झाली की ऑडिओवरचा मुलगा त्या आवाजावर तिच्या माइकचा फेडर, म्हणजे आवाज कमी-जास्त करायची पट्टी, वर करायचा.

मंगेशी, ६ फेब्रुवारी

२०२२च्या विधानसभा निवडणुकीचं मतदान १४ फेब्रुवारीला होतं आणि प्रचार अगदी टोकाला पोचला होता. ६ तारखेला, रविवारी सकाळी, लता मंगेशकर गेल्याची बातमी आली. गोव्यासाठी ही मुंबईतली बातमी नव्हती. मास्टर दीनानाथ मंगेशीचे, आणि आडनावच मुळी या गावाचं. आम्ही बायला मंगेशीला पाठवलं. देवळाच्या तळीजवळ उभं राहून तिने लाइव्ह सुरू केलं आणि दुसऱ्याच वाक्यात तिचा आवाज चिरकला. ती थांबली, खाली पाहिलं, पुन्हा बोलली, पुन्हा चिरकला.

त्या दिवशी आम्हाला किती फोन आले! लोक म्हणत होते, "तुमच्या मुलीला रडू आवरलं नाही, आमचंही तसंच झालं." क्लिप मोबाइलवर फिरली. मालकांनी स्वतः येऊन शाबासकी दिली. बाय काहीच बोलली नाही. पुष्कळ नंतर तिने मला सांगितलं, आणि ही तिने सुचवलेली पहिली दुरुस्ती: "दादा, मी रडत नव्हते. वाईट वाटत होतंच, पण वरचा सूर लागतच नव्हता. लोकांना तो शोक वाटला आणि मला भीती वाटत होती."

त्या दिवशी कुणी तिला नुसतं विचारलं असतं, तरी मार्च टळला असता असं मला वाटतं.

मोजणीचा दिवस

१० मार्चला सकाळी साडेसातला ती खुर्चीत बसली. आठला टपाली मतं. मडगाव आणि पणजी अशा दोन केंद्रांवर मोजणी. उत्तरेचे आणि दक्षिणेचे रिपोर्टर एकाच वेळी लाइनवर. अशा दिवशी प्रॉम्प्टर कामाचा नसतो, आकडे कानात येतात. ४० मतदारसंघ, प्रत्येकाची फेरी वेगळी, आणि गोव्याचे मतदारसंघ एवढे लहान की शे-दोनशे मतांनी चित्र पालटतं.

आणि त्या वर्षी ते पालटतच राहिलं. साखळीत मुख्यमंत्री सुरुवातीला पिछाडीवर होते, शेवटी ६६६ मतांनी निवडून आले. पणजीत बाबूश मोन्सेरात यांनी उत्पल पर्रीकर यांना ७१६ मतांनी हरवलं. प्रियोळचं अंतर २१३. फोंड्यात रवी नाईक ७७ मतांनी, सांत आंद्रेत रिव्होल्युशनरी गोवन्स या पक्षाचा उमेदवार ७६ मतांनी. असे आकडे येत असताना कुठला निर्माता अँकर बदलेल? मी नाही बदलला. दुसरी मुलगी तयार होती, पण नवी होती आणि मतदारसंघ तिला तोंडपाठ नव्हते.

दुपारच्या सुमारास बायने रनडाउनच्या, म्हणजे बातम्यांच्या क्रमाच्या, कागदाच्या पाठीवर स्केचपेनने 'पाच मिनिटं' असं लिहून कॅमेऱ्याच्या बाजूला धरलं. मला मॉनिटरवर ते स्पष्ट दिसलं. मी टॉकबॅकवर म्हटलं, "चुरशीच्या जागा लागू दे, मग देतो." ती हसली, कागद उलटा ठेवला. पुढचा ब्रेक तिला साडेतीनला मिळाला. त्यात तिने आईला फोन केला. आई म्हणाली, "गे बाय, तुजो ताळो बसला. उदक पी." कोकणीत आवाजाला ताळो म्हणतात. दिवसभरात तिच्या आवाजाबद्दल बोललेलं हे पहिलं माणूस.

सातला काय झालं ते वर लिहिलंच आहे.

तपासणी

पहिल्या डॉक्टरांनी घशात टॉर्च टाकून पाहिलं, गोळ्या दिल्या आणि दोन दिवस गप्प बसायला सांगितलं. ती पंधरा दिवस गप्प बसली. म्हणजे कुजबुजत राहिली. आवाज थोडा आला, ती कामावर आली, चौथ्या दिवशी पुन्हा गेला. २८ मार्चचा ताळगावच्या स्टेडियमवरचा शपथविधी तिने घरून पाहिला.

मग कान-नाक-घशाच्या तज्ज्ञांनी दुर्बिणीतून स्वरतंतू पाहिले. ते चित्र तिने मला मोबाइलवर दाखवलं. इंग्रजी व्ही अक्षरासारख्या दोन पांढऱ्या पट्ट्या, आणि पुढचा एक तृतीयांश भाग संपतो त्या ठिकाणी दोन्हींवर समोरासमोर एक एक बारीक उंचवटा. डॉक्टर म्हणाले, कुदळ मारणाऱ्याच्या हाताला घट्टे पडतात तसे हे घट्टे. कर्करोग वगैरे काही नाही. पण उंचवटे मध्ये आले की पट्ट्या नीट मिटत नाहीत, फटीतून हवा निसटते, म्हणून आवाज घोगरा होतो, वरचे सूर तुटतात आणि एक दिवस सगळंच बंद पडतं.

बोलताना बाईचे स्वरतंतू सेकंदाला साधारण दोनशे वेळा एकमेकांवर आपटतात. पुरुषाचे सव्वाशेच्या आसपास. तासाभराच्या निवेदनात निम्मा वेळ जरी आवाज चालू धरला, तरी साडेतीन लाखांवर आपट्या झाल्या. मोजणीच्या दिवसाचा हिशोब ज्याने त्याने करावा. शिक्षिका, गायिका, बाजारात ओरडून विकणाऱ्या बायका यांच्यात हा त्रास पुष्कळ दिसतो.

शस्त्रक्रियेची घाई करू नका, आधी आवाजाची थेरपी, असं डॉक्टरांनी सांगितलं. थेरपिस्ट बाईंनी पहिल्याच दिवशी दोन गोष्टी बंद केल्या: कुजबुजणं आणि खाकरणं. कुजबुजण्याने तंतूंना आराम मिळेलच असं नाही, पुष्कळदा ताणच पडतो. खाकरताना ते एकमेकांवर जोरात घासतात. खाकरावंसं वाटलं की घोटभर पाणी प्यायचं. मग एका ग्लासात बोटभर पाणी, त्यात स्ट्रॉ, आणि स्ट्रॉमधून 'ऊ' म्हणत बुडबुडे काढायचे. पाण्याचा उलटा दाब येतो आणि तंतू हलक्या हाताने मिटायला शिकतात. बाय ते दिवसातून सहा वेळा करायची. आईला ते पोरखेळ वाटायचं, पण शेजारचं लहान पोर येऊन तिच्या बाजूला आपला ग्लास घेऊन बसायचं, म्हणून आईही काही म्हणेनाशी झाली.

तिसऱ्या आठवड्यात थेरपिस्ट बाईंनी विचारलं, "काम करताना तुमच्या कानात काय असतं?"

कान

बायने ते मला फोनवर सांगितलं तेव्हा मला प्रश्नच कळला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळचं बुलेटिन संपल्यावर मी स्टुडिओत जाऊन तिच्या खुर्चीत बसलो. तिचा इअरपीस कानात घातला. रबराची टोपी कधीची हरवली होती, त्यामुळे तो सैल बसत होता. आवाजाची चावी शेवटपर्यंत फिरवलेली होती, कारण सैल इअरपीसमधून आवाज बाहेर गळतो आणि ऐकू यावं म्हणून तो वाढवावा लागतो. मग मी आत निरोप दिला की मोजणीच्या दिवशी बोलत होतो तसं सगळ्यांनी एकदम बोला.

एक मुलगा आकडे सांगू लागला, एक जण "मडगाव घे, मडगाव घे" म्हणू लागला, तिसऱ्याने रिपोर्टरची लाइन उघडली आणि त्यातून गर्दीचा, फटाक्यांचा जुना आवाज सोडला. मी प्रॉम्प्टरवरची बातमी वाचायला घेतली. पाऊस लवकर येण्याचा अंदाज, अशी काहीतरी साधी बातमी होती. दुसरं वाक्य संपायच्या आत कॅमेऱ्यामागचा मुलगा म्हणाला, "दादा, एवढं ओरडताय कशाला?"

मी ओरडतोय हे मला ठाऊकच नव्हतं.

याला नाव आहे. एत्येन लोंबार या फ्रेंच कानतज्ज्ञांनी १९११ साली हे नोंदवून ठेवलं. कानात गोंगाट असला की माणूस नकळत आवाज चढवतो, स्वतःला स्वतःचं ऐकू यावं म्हणून. लग्नाच्या बँडशेजारी आपण सगळे असंच बोलतो. फरक एवढाच, की आपण वरातीतून घरी येतो. बाय त्या वरातीत सहा वर्षं रोज बसली होती, आणि बँड वाजवणारे आम्ही होतो. तिच्या पदराला लावलेला माइक साधं बोलणंही छान पकडत होता. एवढ्या जोराची कुणाला गरजच नव्हती. ऑडिओवरचा मुलगा तिची पातळी खाली ओढायचा, ती कानातल्या गोंगाटावर चढायची, तो आणखी खाली ओढायचा.

शिवाय एक सूचना मी स्वतः दिली होती, २०१७च्या निवडणुकीआधी: "आवाज जरा खाली दाब, वजन येतं." वजन म्हणजे आमच्या मनात पुरुषाचा आवाज. ती इमानदारीने सहा तास, आठ तास आवाज दाबून बोलली. वर गोंगाट, खालून दाब. मास्तरांनी शिकवलेला पोटातला श्वास त्या चिमट्यात राहणार कुठे? ही सूचना मी आता कुणालाही देत नाही, आणि दुसऱ्या कुणी दिली तर मध्ये पडतो.

गप्प राहण्याचा खर्च

बायचा हिशोब बुलेटिनमागे होता. पगार नाही, मानधन. आवाज नाही म्हणजे बुलेटिन नाही, बुलेटिन नाही म्हणजे पैसे नाहीत. २१ हजारांपर्यंत पगार असणाऱ्याला ज्या आस्थापनांत ईएसआय, म्हणजे कर्मचारी राज्य विमा, लागू आहे तिथे आजारपणात उपचार आणि काही पैसे मिळतात, पण मानधनाच्या व्हाउचरवर सही करणारा माणूस त्या वहीत येतच नाही. छापील वर्तमानपत्रातल्या पत्रकाराला १९५५च्या श्रमिक पत्रकार कायद्याने सलग चार आठवड्यांत १४४ तासांची मर्यादा दिली होती. टीव्हीवरच्या माणसाला तो कायदा धरत नव्हता. २०२०च्या व्यावसायिक सुरक्षा संहितेने पत्रकाराच्या व्याख्येत इलेक्ट्रॉनिक माध्यम घेतलं, ते व्हायला पासष्ट वर्षं लागली.

आमचे मालक निष्ठुर नाहीत. त्यांनी औषधाचे पैसे दिले, विचारपूस केली. पण आवाज जाणं हे त्यांच्या लेखी सर्दी-तापासारखं, ज्याचं त्याचं दुखणं होतं. कॅमेऱ्याची लेन्स फुटली असती तर ती कामावर फुटली, हे सांगायला कुणाला वकील लागला नसता. मी तिला डेस्कवर अर्धवेळ काम मिळवून दिलं. गावांच्या नावांची दुसरी वही त्या तीन महिन्यांतली.

तिच्या जागी नवी मुलगी वाचू लागली. तिलाच बायने पडद्यामागून उच्चार शिकवले, चिठ्ठ्यांवर लिहून लिहून. तेव्हा तिच्या मनात काय चाललं होतं, ते मी विचारलं नाही. ही दुसरी दुरुस्ती तिची: "दादा, लिहा की मला राग येत होता."

नंतर

जूनच्या तपासणीत उंचवटे बरेच बसले होते. जुलैत ती पॅकेजना आवाज देऊ लागली, एका दिवसात दोनच. ३१ ऑगस्टला, चतुर्थीच्या सकाळी, तिने दहा मिनिटांचं बुलेटिन वाचलं. आवाज आधीपेक्षा थोडा वर लागला होता, मोकळा. दोन-चार प्रेक्षकांनी पातळ वाटतो म्हणून कळवलं. मला तो मंगेशीच्या आधीचा, पहिल्या चतुर्थीचा आवाज वाटला.

दरम्यान तिच्या कानाचा साचा काढून, श्रवणयंत्राला करतात तसा, घट्ट बसणारा इअरपीस करून घेतला. चावी आता निम्म्यावर असते. टॉकबॅकवर एका वेळी एकच माणूस बोलतो आणि अँकर बोलत असताना शक्यतो कुणीच नाही. मोठ्या दिवशी पाऊण तासाला खुर्ची बदलायची. हे आमच्या पाळीपुरतं झालं आहे. दुसऱ्या पाळीत अजून तिघे एकदम ओरडतात, आणि ते ऐकलं की मी उठून आत जातो. लेखी नियम वाहिनीने केलेला नाही. मासिक पगाराचं पत्र मात्र बायला पुढच्या वर्षी मिळालं, तिने स्वतः मागून घेतलं.

४ जून २०२४, लोकसभेची मोजणी. दोनच जागा, पण दक्षिण गोव्यात चुरस होती. बायचा पाऊण तास संपला तेव्हा दक्षिणेचा निकाल अजून लागायचा होता. मी घड्याळ पाहिलं, टॉकबॅकचं बटण दाबलं, आणि माझ्या तोंडून काही निघायच्या आत तिने मॉनिटरकडे पाहून मान हलवली, इअरपीस काढून टेबलावर ठेवला आणि उठली. विरियातो फर्नांडिस १३,५३५ मतांनी जिंकल्याचं तिच्या जागी बसलेल्या मुलाने वाचलं. कुंकळ्ळीही त्याने बरोबर म्हटलं. मी पाणी घ्यायला बाहेर आलो तर ती मेकअपच्या आरशासमोर बसली होती, हातात स्टीलचा ग्लास, तोंडात स्ट्रॉ. मला पाहून तिने हाताने थांबा अशी खूण केली आणि बुडबुडे काढत राहिली.